टबाचा हिशोब: झरिया-राणीगंजच्या कोळसा कामगारांचा इतिहास

आजच्या झारखंड-पश्चिम बंगालमधल्या धनबाद, झरिया, राणीगंज या पट्ट्यातल्या कोळसा खाणींत कित्येक दशकं मजुरी दिवसावर नव्हती, टबावर होती. टब म्हणजे रुळांवरून ढकलायची लोखंडी गाडी. सुरुवातीच्या टबात अर्ध्या टनाच्या आसपास कोळसा मावे. पुढे ३६ घनफुटांचा टब प्रमाण धरला गेला आणि १९५६ च्या औद्योगिक न्यायाधिकरणाच्या निवाड्यात मजुरीचे दरही त्याच मापावर बांधले गेले. ३६ घनफूट म्हणजे एक घनमीटरला जरा जास्त, पाऊण टनाच्या वर सुटा कोळसा. तो भरून वर पोहोचला की पैसे. खाली उतरून दुसरं काहीही केलं, तर त्याचे पैसे नाहीत.

बायका खाणीत का उतरत, छत एवढ्या वेळा का कोसळे, झरियाच्या जमिनीखाली अजून आग का आहे, हे प्रश्न वरवर वेगळे वाटतात. या टबाच्या बाजूने त्यांच्याकडे पाहिलं की ते एकाच दोरीत ओवलेले दिसतात.

जमीन कुणाची, घाई कुणाला

राणीगंजला ईस्ट इंडिया कंपनीच्या काळात, १७७४ मध्ये, कोळसा काढायला सुरुवात झाली. पण खरी मागणी आली ती १८५३ नंतर, रेल्वेमुळे. झरियात रूळ पोहोचले १८९० च्या दशकात. झरियाचा कोळसा पोलाद भट्टीसाठी लागणारा, कोक होणारा. साधारण ४५० चौरस किलोमीटरच्या टापूत १८ मुख्य थर एकाखाली एक. असं घबाड देशात दुसरीकडे नाही.

बंगाल-बिहारात कायमधारा होता, म्हणजे जमीनदारांचा सारा कायमचा ठरलेला होता, त्यामुळे जमिनीखालचं खनिज जमीनदाराच्या मालकीचं धरलं गेलं. झरियाच्या राजाने आणि इतर जमीनदारांनी लहान-लहान तुकडे पट्ट्याने दिले: आधी एकरकमी सलामी, मग टनामागे रॉयल्टी. ज्याच्याकडे थोड्याच एकरांचा तुकडा आहे, तो पन्नास वर्षांचा विचार कशाला करेल? वरचा, जाड, सोपा थर ओरबाडायचा आणि मोकळं व्हायचं. पुढे सरकारने खाणी ताब्यात घेतल्या तेव्हा एकट्या कोकिंग कोळशाच्या २१४ खाणी निघाल्या आणि बिगर-कोकिंगच्या देशभरात ७११, यावरून तुकडे किती बारीक होते ते कळतं. विदर्भातलं चित्र वेगळं होतं. मध्य प्रांतात खनिजाचा हक्क सरकारने स्वतःकडे ठेवला होता, आणि वरोऱ्याची खाण तर १८७० च्या दशकापासून १९०६ पर्यंत सरकारनेच चालवली. म्हणून वर्धा खोऱ्यात एवढी छोट्या मालकांची गर्दी झाली नाही.

काही कंपन्यांनी आधी जमीनच विकत घेतली आणि संथाळ, बाउरी कुटुंबांना ती कसायला दिली. भाड्याऐवजी अट अशी की वर्षातले ठरावीक दिवस खाणीत काम करायचं. काम सोडलं की शेतही गेलं. याला नोकरानी पद्धत म्हणत. बाकीची भरती सरदारामार्फत होई. सरदार गावात जाऊन उचल देई, टोळी आणी आणि टोळीच्या प्रत्येक टबामागे कमिशन घेई. (हा टोळीचा सरदार. सुरक्षेची परीक्षा पास झालेला ‘मायनिंग सरदार’ हे वेगळं पद आहे.) म्हणजे मालक, कंत्राटदार, सरदार आणि मजूर या चौघांची कमाई एकाच आकड्यावर, वर आलेल्या टबांवर. छताची काळजी घेण्यात यांतल्या कुणालाच त्या दिवशी दमडी मिळणार नव्हती.

एका जोडीचा दिवस

कामाचा घटक एकटा माणूस नव्हता, नवरा-बायको होते. कोळसा तोडणारा तो मलकट्टा, वाहणारी ती कामीन. दोघं चानकातून, म्हणजे उभ्या विहिरीतून, डोलीने उतरत किंवा उताराच्या इन्क्लाइनने चालत जात. बरोबर मुलंही असत. १९२३ च्या खाण कायद्याने १३ वर्षांखालच्या मुलांना मनाई केली, तोवर ती खालीच वाढत.

मलकट्टा गैंत्याने, म्हणजे टिकावाने, थराच्या तळाशी आडवी खाच पाडे. खाच पुरेशी आत गेली की वरचा कोळसा पाचर ठोकून किंवा पहारीने पाडायचा. पुढे सुरुंगाची दारू आली. खाच उथळ राहिली तर कोळसा चुऱ्याच्या रूपात पडतो, आणि चुऱ्याला भाव कमी. फार खोल गेली तर वरचा भाग खाच पाडणाऱ्याच्याच अंगावर येतो. पडलेला माल कामीन टोपलीत भरून डोक्यावरून टबापर्यंत नेई. टब भिंतीपर्यंत क्वचितच पोहोचे, कारण रूळ पुढे सरकवायचं काम मागे राहिलेलं असे. तेवढं अंतर तिच्या डोक्यावरून जाई. भरलेल्या टबाला टोळीचं टोकन अडकवायचं. ट्रॅमर तो ढकलत, टब दोरखंडाने वर ओढणाऱ्या हॉलेजपर्यंत नेणार आणि वर मुन्शी टोकन पाहून वहीत नोंद करणार. टब काठोकाठ नसला तर नोंद कमी, त्यात दगड निघाला तर कपात. हे माप मजुराच्या बाजूने पाहणारा कुणी नसे.

सगळ्यात जास्त तक्रार मात्र मापातल्या लबाडीची नव्हती, रिकाम्या टबांची होती. वर कोळसा साठवायला जागा नाही, म्हणून रेल्वेचे वाघिण डबे आले नाहीत की वरचे टब रिकामे होत नाहीत, आणि खाली जोडी पाडलेल्या कोळशाशेजारी तासन्‌तास बसून राहते. त्या बसण्याचे पैसे नाहीत. प्रत्यक्ष काम कमी तासांचं असलं तरी पोटापुरते टब भरेपर्यंत लोक दहा-बारा तास खालीच थांबत. १९२३ च्या कायद्याने भूमिगत कामाला आठवड्याला ५४ तासांची मर्यादा घातली, पण दिवसाला मर्यादा नव्हती. १९३० पासून पाळी बारा तासांची झाली, १९३५ च्या दुरुस्तीने भूमिगत दिवस नऊ तासांचा आणि १९५२ च्या कायद्याने आठ तासांचा. कायदा घड्याळ मोजत होता आणि मजुरी टब मोजत होती, म्हणून अंमलबजावणी कायम लंगडी राहिली.

छत कसं धरतात आणि ते का सुटतं

कोळसा काढला की वरचा खडक अधांतरी होतो. पहिलं काम ठोकून पाहायचं. काठीने किंवा पहारीने छतावर मारलं आणि खणखणीत आवाज आला तर खडक अखंड आहे. आवाज पोकळ, बसका आला तर वरचा पापुद्रा सुटलेला आहे. दुसऱ्या हाताचं बोट छताला टेकवून ठोकलं तर सुटलेल्या पापुद्र्याची थरथरही कळते. दुसरं काम म्हणजे सुटे तुकडे लांब पहारीने, स्वतः पक्क्या छताखाली उभं राहून, पाडून टाकायचे. तिसरं काम टेकू. साल लाकडाची बल्ली, म्हणजे टेकूचा वासा, उभी करायच्या आधी तळाचा चुरा बाजूला करून पक्की जमीन उघडी करावी लागते, नाहीतर भार येताच बल्ली चुऱ्यात रुतते. बल्ली आणि छत यांच्यामध्ये सपाट लाकडी फळी हवी, म्हणजे भार पसरतो. फळी नसेल तर बल्लीचं टोक चिरतं किंवा मऊ छतात घुसतं. मग पाचर घट्ट ठोकायची, आणि छत थोडं हललं की ती ढिली होते म्हणून पुन्हा येऊन ठोकायची. जास्त भाराच्या जागी लाकडी ओंडके आडवे-उभे रचून चौकोनी थप्पी उभारतात.

एक टेकू नीट लावायला बराच वेळ जातो, आणि मजूर तेवढ्या वेळात टबाचा चांगला हिस्सा भरू शकतो. अपघाताच्या अहवालांत ‘मजुराचा निष्काळजीपणा’ हे कारण सर्रास लिहिलं जाई. टेकूला दर द्यायचा नाही आणि टेकू लावला नाही म्हणून मेलेल्याला दोष द्यायचा, ही मांडणी मालकाला सोयीची होती, एवढंच तिच्याबद्दल म्हणता येईल.

मोठं छत टेकूंवर नव्हे, कोळशाच्याच खांबांवर उभं असतं. थरात एकमेकांना काटणाऱ्या गल्ल्या खणत जातात आणि मधे चौकोनी खांब सोडतात. १९५७ च्या नियमावलीत हिशोब स्पष्ट होता: गल्ली जास्तीत जास्त ४.८ मीटर रुंद, ३ मीटर उंच. खोली ६० मीटरपर्यंत असेल तर एका खांबाच्या मध्यापासून दुसऱ्याच्या मध्यापर्यंत किमान १९.५ मीटर. म्हणजे खांब १४.७ मीटर चौरस. १९.५ चा वर्ग ३८०, १४.७ चा २१६. एवढ्या जागेतून निघाला १६४ चौरस मीटरचा कोळसा, ४३ टक्के. खोली ३६० मीटरच्या पुढे गेली की तेच अंतर ४८ मीटर होतं आणि पहिल्या फेरीत जेमतेम १९ टक्के हाती लागतो. थर सहा मीटर जाड असेल तर त्यातलाही निम्मा छताला किंवा तळाला राहतो.

उरलेला माल दुसऱ्या फेरीत, खांब कापत मागे सरकत काढायचा. ही कामातली सगळ्यात धोक्याची पायरी. मागे राहिलेल्या पोकळीचं, म्हणजे गोफचं, छत वेळच्या वेळी पडत राहिलं पाहिजे. ते लटकून राहिलं तर कामगारांना बरं वाटतं, पण भार पुढच्या खांबांवर चढत जातो आणि शेवटी मोठा पट्टा एकदम बसतो तेव्हा हवेचा झोत माणसं, टब, टेकू सगळं फेकून देतो. वर वस्ती, नदी किंवा रेल्वे असेल तर छत पाडता येत नाही. तिथे पोकळीत पाण्याबरोबर पाइपमधून वाळू भरतात. झरियात त्यासाठी दामोदरची वाळू हाताशी होती, पण वाळू भरण्यातून टब निघत नाही. म्हणून बहुतेक खासगी खाणींनी ती भरली नाही, खांब नियमापेक्षा बारीक कापले आणि जाड थरात गल्ल्या उंचच उंच नेल्या. १९३९ मध्ये वाळूभरणाचा स्वतंत्र कायदा करून सरकारने उपकर लावला आणि मदत द्यायला सुरुवात केली, तोवर वरच्या थरांची चाळण झाली होती.

बायकांना बंदी

१९२० च्या सुमारास या खाणींत साधारण दर तिसरा कामगार बाई होती. १९२९ च्या नियमांनी स्त्रियांना भूमिगत कामाला मनाई केली. बंगाल, बिहार-ओरिसा आणि मध्य प्रांतातल्या कोळसा खाणींना दहा वर्षांची सवलत मिळाली: पहिल्या वर्षी भूमिगत कामगारांत २९ टक्क्यांपर्यंत स्त्रिया चालतील, मग दर वर्षी ३ टक्के कमी. आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेचा १९३५ चा करार आला आणि १९३७ मध्येच बंदी पूर्ण झाली.

बंदी चूक होती असं म्हणणं अवघड आहे. गरोदर बाईने डोक्यावर टोपली घेऊन उतार चढणं कुणाला हवं होतं? पण जोडी मोडल्यावर टबाचं काय, याचा विचार झाला नाही. मलकट्ट्याला आता भरणारा पुरुष शोधावा लागे आणि त्याला टबातला वाटा द्यावा लागे. जो पैसा पूर्वी एकाच चुलीपाशी येई, तो दोन घरांत विभागला. मंदीचा काळ होता, कोळशाचे भाव पडले होते, दर वाढायचा प्रश्नच नव्हता. बायकांना वर कोळसा निवडायचं, वाघिणी भरायचं काम होतं, पण जागा थोड्या. अनेक जणी गावी परतल्या आणि जे पुरुष उरले ते एकटे.

१९४३ मध्ये युद्धामुळे कोळशाची टंचाई झाली. लष्करी बांधकामांवर मजुरी बरी आणि काम उघड्यावर, म्हणून मजूर खाणी सोडून चालले होते. सरकारने बंदी उठवली. तेव्हा व्हाइसरॉयच्या मंडळात मजूर खातं होतं डॉ. बाबासाहेब आंबेडकरांकडे. मध्यवर्ती कायदेमंडळात टीका झाली, तेव्हा त्यांनी टंचाईचं कारण देत निर्णयाचं समर्थन केलं आणि स्त्री-पुरुषांना सारख्या कामाला सारखा मोबदला मिळेल ही अट पुढे ठेवली. डिसेंबर १९४३ मध्ये ते स्वतः धनबादच्या खाणीत उतरले होते. १९४४ च्या सुरुवातीला कोळसा कामगार कल्याण निधीचा वटहुकूम निघाला: टनामागे उपकर, त्यातून दवाखाने, पाणी, घरं. १९४७ मध्ये त्याचा कायदा झाला आणि धनबाद व आसनसोलला मध्यवर्ती रुग्णालयं उभी राहिली. बाबासाहेबांच्या कामाचा हा भाग महाराष्ट्रात फार कमी सांगितला जातो. स्त्रियांवरची बंदी फेब्रुवारी १९४६ मध्ये परत आली आणि १९५२ च्या कायद्याने पक्की झाली. २०१९ मध्ये, लेखी संमतीच्या अटीवर, ती सैल झाली.

धौडा आणि संघटना

राहायला धौडा: ओळीने बांधलेल्या एकेक खोल्या, पुष्कळदा पाठीला पाठ लावून, म्हणजे मागून हवा नाही. खोली कंपनीची, म्हणून काम सुटलं की खोली सुटली आणि संपात पहिली धमकी तीच. पाणी खाणीतून उपसलेलं. पटकी आणि अंकुशकृमी नेहमीचे. आठवड्याचा पगार वाटला जाई तिथेच सावकार उभा असे. पेरणी आणि कापणीला संथाळ, बाउरी गावी जात आणि उत्पादन घसरे. मालक याला आळस म्हणत. खरं तर टबाच्या पैशावर वर्ष निघत नसल्यामुळे शेत सोडणं परवडतच नव्हतं.

आयटकचं, म्हणजे अखिल भारतीय ट्रेड युनियन काँग्रेसचं, दुसरं अधिवेशन १९२१ मध्ये झरियात भरलं. अध्यक्ष होते मुंबईचे जोसेफ बाप्टिस्टा, टिळकांचे सहकारी काका बाप्टिस्टा. हजारो खाणकामगार आल्याने मालकांची झोप उडाली. पण गावी ये-जा करणाऱ्या, सरदाराच्या उचलीखाली दबलेल्या टोळ्यांची टिकाऊ संघटना बांधायला पुढची तीन दशकं गेली.

पाणी आणि वायू

जुन्या मालकांनी पट्ट्याची हद्द ओलांडून चोरून खणलं आणि नकाशात दाखवलं नाही. त्या पोकळ्या पाण्याने भरल्या. म्हणून नियम असा की जुन्या पाणथळ कामापासून ६० मीटरच्या आत जायचं तर परवानगी घ्या आणि पुढे छिद्रं पाडत, पाण्याचा अंदाज घेत सरका. छिंदवाड्याच्या न्यूटन चिखलीत १० डिसेंबर १९५४ ला पाणी घुसून ६३ जण गेले. २७ डिसेंबर १९७५ ला झरियाजवळ चासनाळ्यात ३७० हून अधिक. चासनाळ्यात जुनं पाणी आणि नवं काम यांच्यातली भिंत पाण्याच्या दाबापुढे टिकली नाही.

मिथेन हवेत ५ ते १५ टक्के असला की स्फोट होतो. १.२५ टक्क्यांना वीज तोडायची असते. पण जास्त माणसं मारते ती कोळशाची धूळ: पहिला लहान स्फोट तिला उडवतो आणि ती गल्लीगल्लीतून पेटत जाते. २८ मे १९६५ ला धोरी खाणीत २६८ जण असेच गेले. उपाय म्हणजे गल्ल्यांत दगडाची पूड मारत राहणं. तिच्याही नावावर टब पडत नाही.

सरकारी खाण, आणि आग

कोकिंग खाणी ऑक्टोबर १९७१ मध्ये, बाकीच्या जानेवारी १९७३ मध्ये सरकारने ताब्यात घेतल्या. १९७५ मध्ये कोल इंडिया झाली. नागपूरची वेकोलि (वेस्टर्न कोलफील्ड्स लिमिटेड) तिचीच कंपनी. राष्ट्रीय वेतन करारामुळे पगार, रजा, पेन्शन, घर आलं. टबाच्या दरावरच्या कामगारालाही टब मिळाले नाहीत त्या दिवसाची किमान रक्कम मिळे. याचा फायदा पुरुषांना जास्त झाला. नोकरी किमती झाल्यावर बायकांना स्वेच्छानिवृत्ती देऊन जागा मुलाच्या नावे करायची योजना आली आणि कामिनींची पिढी हळूहळू पटावरून उतरली. दरम्यान उत्पादन उघड्या खाणींकडे वळलं. आज कोल इंडियाचा ९० टक्क्यांहून जास्त कोळसा तिथून निघतो. चंद्रपूर-वणीकडे आता वाद छताचा नसतो, जमिनीचा असतो: दोन एकराला एक नोकरी, आणि दीड एकरवाल्याचं काय?

झरियाची आग मात्र जुन्या हिशोबाची आहे. पहिली नोंद १९१६ ची, भौंरा खाणीतली. कोळशाला काडी लावावी लागत नाही. फुटलेला कोळसा हवेतला प्राणवायू शोषतो, त्यात उष्णता निघते. ती वाहून गेली नाही तर तापमान चढत जाऊन तो आपोआप पेटतो. बारीक कापलेले खांब भाराने चुरले, वरची जमीन खचली, भेगा पडल्या. एका भेगेतून हवा आत गेली, दुसरीतून धूर बाहेर आला, आणि भट्टी चालू राहिली. वाळू भरली असती तर चुरा झाला नसता आणि हवाही गेली नसती. राष्ट्रीयीकरणाच्या वेळी ७० आगी आणि १७.३२ चौरस किलोमीटर क्षेत्र मोजलं गेलं. माती टाकून भेगा बुजवल्या तर जमीन पुन्हा खचली की त्या उघडतात. चर खणून आगीची वाट तोडायची तर चर आगीच्या पुढे पुरेशा अंतरावर हवा, आणि तिथे बहुधा वस्ती असते. आता मुख्य भर जळता कोळसाच उघड्या खाणीने खणून काढण्यावर आहे. त्यात कंपनीला कोळसाही मिळतो, त्यामुळे हे खणणं आग विझवण्यासाठी आहे की उत्पादनासाठी, असा संशय तिथल्या रहिवाशांना असतो.

२००९ मध्ये केंद्राने झरियासाठी ७,११२ कोटी रुपयांचा आराखडा मंजूर केला आणि बेलगडिया इथे पुनर्वसनाच्या इमारती उठल्या. जमिनीची कागदपत्रं असलेले आणि नसलेले अशी कुटुंबांची विभागणी झाली. धौड्यांत पिढ्यान्‌पिढ्या राहिलेल्या बहुतेकांकडे कागद कुठून येणार? त्यांना लहान सदनिका मिळते, पण पोट झरियात असतं: ट्रक भरणं, कोळसा वेचणं, दोनशे-अडीचशे किलोची पोती सायकलला लादून ढकलत शहरात विकणं. बेलगडियाहून त्या कामाला रोज जाण्या-येण्याचं भाडंच कमाईतला मोठा वाटा खातं. म्हणून काही कुटुंबं सदनिकेला कुलूप लावून पुन्हा धुराच्या कडेला राहायला आली आहेत. २०२५ च्या सुधारित ५,९४० कोटींच्या आराखड्यात रोजगार आणि कौशल्यावर जास्त भर देण्याचं मान्य झालं आहे.